कोंबडीने अडवलेलं गाणं

मी चिपळूणची. आमच्याकडे प्रवास म्हणजे मुंबईला जाणं आणि मुंबईहून येणं. तिसरी दिशा कुणाला सुचत नाही. त्यामुळे बहात्तरच्या मोठ्या दुष्काळाच्या आदल्या वर्षी, ऐन वैशाखात, मी नगरला निघाले तेव्हा आईने आमसुलं, कुळथाचं पीठ, फणसपोळी आणि पोतंभर नारळ बांधून दिले. शिवाय एक कळशी पाण्याची भरत होती, ती मी हातातून काढून घेतली. "अगं, तिथे पाणी नसतं म्हणे," ती म्हणाली. नगरला माणसं राहतात आणि ती रोज अंघोळही करतात, हे तिला अक्काने पत्रातून कितीदा कळवलं होतं. पण आईचा विश्वास नव्हता.

अक्का म्हणजे माझी थोरली बहीण. ती भिंगारला राहायची, नगरला लागूनच असलेल्या लष्करी वस्तीत. भावोजी तिथल्या एका कचेरीत कारकून होते. सरळ रांगेतली घरं, चुना फासलेले दगड, झाडांच्या बुंध्यांनासुद्धा गेरू. मला वाटलं, इथे उभं राहिलं तर आपल्यालाही कुणी गेरू फासून जाईल.

भिंगार

पहिल्याच दिवशी अक्काने हुलग्याचे शेंगोळे केले. हुलगा म्हणजे आपला कुळीथच, पण इथे त्याची चकलीसारखी वळी करून झणझणीत रश्श्यात शिजवतात. एक घास घेतला आणि डोळ्यांतून पाणी. मी पोत्याकडे बघून म्हटलं, "अक्का, यात नारळ का नाही घालत?" भावोजींनी ताटावरून मान वर केली. "मेव्हणीबाई, नारळ आम्ही देवापुढे फोडतो. जेवणात घालून त्याचा अपमान करत नाही."

भावोजी असे होते. बुटके, गोल, अखंड बोलणारे, आणि नाद एकच: रेकॉर्डी. भिंगारच्या जुन्या बाजारात बदली होऊन गेलेल्या अधिकाऱ्यांच्या घरचं सामान येई. खुर्च्या, पडदे, फुटके कप. त्यातून त्यांनी एक छोटी काळी तबकडी आणली होती. दमट जागी राहून तिच्यावरचा कागद पार कुजून गेला होता. गाणं कुणाचं, नाव काय, काही कळायला मार्ग नव्हता. अमेरिकेचं होतं आणि गाणारी काळी बाई होती, एवढं विकणाऱ्याने छातीठोकपणे सांगितलं होतं.

"याला तिकडे सोल म्हणतात," भावोजी म्हणाले.

"सोल? चपलेचा?"

"आत्म्याचं गाणं गं! एका कॅप्टनच्या बायकोने सांगितलंय मला."

पण खरी गंमत पुढे होती. त्या तबकडीच्या मधलं भोक आपल्या रेकॉर्डींपेक्षा कितीतरी मोठं. मशीनवर ठेवली की ती दारू प्यायल्यागत डुलायची. म्हणून भावोजींनी अक्काची जुनी रबरी स्लिपर कापून तिचा गोल काढला, मध्ये भोक पाडलं आणि ती चकती त्या खंदकात बसवली. मग सुई ठेवली.

मी म्हटलं, "म्हणजे सोलवरच चालतंय."

अक्का स्वयंपाकघरातून ओरडली, "माझी चांगली स्लिपर होती ती!"

मग बाई गायला लागली. शब्द काही कळेनात. सुरुवातीला ती कुणाला तरी समजावत होती, मग विनवत होती, मग तिचा संयम सुटला आणि तिने एकदम "हं!" म्हटलं. आमची आई वडिलांना म्हणते ना, तस्संच. आणि त्या "हं"नंतर सगळी वाद्यं थांबली. राहिला एकटा ढोल. कडक, रिकामा, चालत्या माणसासारखा. थोडा वेळ तो तसाच एकटा वाजला आणि मग बाई परत आली. मला ती बाई आवडली, पण तो ढोल अंगात शिरला. दुसऱ्या दिवशी भांडी घासताना मी तो पातेल्यावर वाजवत होते आणि अक्का म्हणत होती, "विमल, पोचे पाडशील."

त्याच संध्याकाळी रखमाजी आला. भावोजींच्या कचेरीत तो पहारेकरी होता. गाव अकोले तालुक्यात, भंडारदऱ्याच्या अलीकडे डोंगरात. त्याच्या मुलीचं, सगुणाचं, लग्न होतं. आमंत्रणाचा नारळ ठेवून तो पायरीवरच बसला आणि उठेना.

"सायेब, लगीन ठरलंय खरं, पन माझी लई कुचंबना झालीया."

झालं होतं असं. व्याह्यांनी लग्न ठरवतानाच अट घातली होती की भोंगा पाहिजे, म्हणजे लाऊडस्पीकर. हलगी नको, हलगी जुनी झाली, लोक हसतात. रखमाजी हो म्हणून बसला. आणि गावात होते धोंडूमामा. पंचक्रोशीतली प्रत्येक लेक त्यांच्या हलगीवर सासरी गेलेली. त्यांनी भोंग्याचं ऐकलं आणि जाहीर केलं की भोंगा वाजणार असेल तर माझी हलगी खुंटीला.

"मग नाही म्हणून सांग त्यांना," भावोजी म्हणाले.

"सायेब, पोरगी म्हनती, मामांच्या हलगीशिवाय मी वेस वलांडनार न्हाई. ल्हानपनापून त्यांच्याच मागं मागं फिरलीया ती. परातीवर बोटं बडवायची, मामा हलगी वाजवायचे. आता भोंगा आनावा तर पोरगी बसती, न आनावा तर व्याही उठतो. मी करू काय?"

सगुणा मला न बघताच आवडली. मी म्हटलं, "आपण जाऊ या, भावोजी." भावोजींनी तोवर तबकडी पुठ्ठ्याच्या पाकिटात घातलीच होती. "भोंगा आहे म्हणतोयस ना? मग हिला न्यायलाच हवं," ते म्हणाले. अक्काने कपाळाला हात लावला. घरात पाहुणे येणार होते, म्हणून ती आली नाही, आणि अजूनही त्याबद्दल हळहळते.

राजूरच्या गाडीत

नगरहून संगमनेर आणि संगमनेरहून अकोले हा प्रवास मी सांगत नाही, कारण मी तो झोपेत केला. अकोल्याला राजूरची गाडी पकडली. गाडीत माणसं, पिशव्या, दुधाचे कॅन, आणि माझ्या शेजारी मांडीवर पाटी घेतलेली एक म्हातारी. पाटीवर फडकं, फडक्याखाली कोंबडी.

भावोजींना गप्प बसवेना. गाडी घाटाला लागली तेव्हा त्यांनी तबकडी पाकिटातून बाहेर काढली आणि आजूबाजूच्यांना दाखवायला सुरुवात केली. "ही अमेरिकेहून आलीय." माणसं हात पुसून ती बघत होती. कंडक्टरनेही वाकून पाहिलं. म्हातारी म्हणाली, "एवढं मोठं भोक? उंदरानं खाल्ली काय रं?"

तेवढ्यात वळणावर ड्रायव्हरने करकचून ब्रेक मारला. समोर गुरं होती. म्हातारीची पाटी कलंडली, कोंबडी फडफडत उडाली आणि उतरायला तिला सगळ्या गाडीत एकच जागा सापडली. ती तबकडीवर उतरली, घसरली, सावरायला म्हणून नख्या रोवल्या आणि परत उडाली.

"अगं सटवे!" भावोजी किंचाळले. ते कुणाला म्हणाले यावरून म्हातारी आणि त्यांच्यात राजूर येईपर्यंत भांडण चाललं.

तबकडीवर एक चांगला ओरखडा उठला होता. भावोजी तो बोटाने चोळत राहिले. मला हसू येत होतं, पण त्यांचे डोळे खरंच भरून आले होते, म्हणून मी खिडकीबाहेर बघत बसले. बाहेर सह्याद्री होता. आयुष्यभर मी या डोंगरांची आमच्याकडची बाजू पाहिली. इथे त्यांची पाठ दिसत होती. तपकिरी, उन्हाने पोळलेली, आणि मधूनच करवंदांच्या गर्द जाळ्या.

रखमाजीच्या गावी

गावात पोचलो तर हातावर आधी करवंदं पडली, मग कोरा चहा, मग नागलीची काळसर भाकरी आणि ठेचा. आमच्याकडे नाचणी आजाऱ्याला देतात. इथे ती खाऊन माणसं डोंगर चढतात. भाताचा विषय निघाला तेव्हा मी जरा ताठले, कारण भातातलं आम्हा कोकण्यांना कुणी शिकवायचं नाही. पण इथला तांदूळ शिजला आणि वास असा सुटला की मी मुकाट्याने दुसऱ्यांदा वाढून घेतला.

सगुणा ओट्यावर बसली होती. अंगाला हळद, कपाळाला मुंडावळ्या, आणि समोर पितळेची परात. बायका गाणी म्हणत होत्या आणि हिची बोटं परातीच्या काठावर आपसूक चालत होती. मला म्हणाली, "ताई, तुमी नगरवरून आलाव ना? तुमी सांगा मामांना."

"मी काय सांगू? मी तर चिपळूणची."

"मग तर लईच लांबून आलाव. तुमचं ऐकतील."

गेले. धोंडूमामा आंब्याखाली बसले होते. उंच, वाळलेले, पागोटं तिरकं, आणि तोंड मांडवाच्या उलट्या दिशेला. मी म्हटलं, "मामा, सगुणा वाट बघतेय."

"बगू दे. भोंगा हाय की तिच्यासाठी."

"भोंग्याला काय कळतंय?"

"त्येच म्हन्तो मी. भोंगा मानसाचं त्वांड बगत न्हाई. पोरगी रडाया लागली का हलगी थांबती, हसली का पळती. त्या डब्याला डोळं हायेत का?" मग जरा थांबून म्हणाले, "हलगी खुंटीला टांगूनच आलोय म्या."

त्यांच्या मांडीवरच्या झोळीतून हलगीचं गोल कडं चांगलं बाहेर आलं होतं. 

भोंगेवाला म्हणजे अकोल्याचा अन्वरभाई. झाडावर कर्णे बांधलेले, खाली बॅटरी, मशीन, आणि त्याच्याकडे जेमतेम चार रेकॉर्डी. एक झिजलेली आरती आणि बाकी सिनेमाची गाणी. सकाळपासून तीच फिरत होती. भावोजी त्याच्या मागे लागले होते. "एकदा लाव की."

"सायेब, हे भोक हाय का आड? त्यात ही चप्पल. माझी सुई मोडंल."

"चप्पल नाही, सोल आहे तो."

अक्षता पडल्या, लापशी-भाताचं जेवण झालं. उन्हं कलली आणि पाठवणीची वेळ झाली. बैलगाडी जुंपली. व्याही, म्हणजे नवऱ्यामुलाचे काका, मोठ्या मिशांचे, गाडीजवळ उभे राहिले. आणि सगुणा ओट्यावरून उठेना.

आई विनवून झाली, मावशा ओरडून झाल्या. ती रडत नव्हती, भांडत नव्हती. नुसती बसून होती. नवरा बिचारा गाडीत एकटा बसून उपरण्याने घाम पुसत होता. काकांनी एकदा आकाशाकडे बघितलं, एकदा मिशीला पीळ दिला. "रखमाजी, पोरगी येनार हाय का आमी निघू?" बायकांची गाणी थांबली.  आता हे लोक खरंच निघाले तर या पोरीचं काय होईल, गाव काय म्हणेल! रखमाजीचा चेहरा पांढरा पडला. ती शांतता त्याला सोसवेना. तो अन्वरभाईकडे वळून ओरडला, "अरं, काय तरी लाव! काय बी लाव!"

आणि अन्वरभाईच्या हाताशी भावोजींनी धरलेली तबकडीच होती.

अमेरिकेची बाई भंडारदऱ्याच्या डोंगरात गायला लागली. पोरं-बाया थक्क. तिने समजावलं, विनवलं, आणि "हं!" म्हटलं, तशा सगळ्या बायका फिसकन हसल्या, तो "हं" त्यांच्या ओळखीचाच होता. वाद्यं थांबली. एकटा ढोल निघाला. आणि सुई कोंबडीच्या ओरखड्यात अडकली.

तोच तुकडा. परत तोच. परत तोच.

"घोळ झाला," भावोजी पुटपुटले आणि खाली बसले. व्याह्यांकडची पोरं हसायला लागली. अन्वरभाईने सुई उचलायला हात पुढे केला.

"हात लावू नगंस!"

आंब्याखालून आवाज आला. धोंडूमामा उभे राहिले होते. तोंड पहिल्यांदाच मांडवाकडे. त्यांनी मान तिरकी करून तो तुकडा ऐकला. परत ऐकला.

"कोन वाजिवतोय ह्यो?"

"अमेरिकेचा आहे, मामा. पण ते रेकॉर्ड..." भावोजी सांगायला लागले. मामांनी त्यांना हाताने थांबवलं.

"सवाल टाकतोय त्यो."

कुणाला काही कळेना.

"अरं, बगताय काय? फडात एक सवाल टाकतो, दुसरा जवाब देतो. जवाब मिळाला न्हाई तर काय करतो? त्योच सवाल परत इचारतो. हा बाबा कवापासून इचारतोय, आन् आख्खं गाव त्वांडात बोट घालून बसलंय! काय म्हनंल त्यो अमेरिकेत? अकोल्यात कोन हायच न्हाई म्हनंल!"

भावोजींनी तोंड उघडलं. मी त्यांच्या पायावर पाय दिला.

खुंटीला टांगलेली हलगी झोळीतून बाहेर आली. कातडं गार होतं. हलगी गार असली की बोलत नाही, तिला शेकावी लागते. मामांनी पाचोळा गोळा करायला सांगितला आणि इतका वेळ पुतळे झालेली माणसं धावली. जाळ झाला. मामा हलगी फिरवून फिरवून शेकत होते, टिचकी मारून बघत होते, परत शेकत होते. तोवर कर्ण्यातून तो पठ्ठ्या विचारतोच आहे. अन्वरभाई कळवळून म्हणाला, "मामा, बॅटरी उतरंल!"

"उतरू दे. त्याला दम लागला न्हाई, मग तुला कशापायी घाई?"

मग हलगी कानाशी नेली, समाधान झालं, आणि ते मांडवाच्या मध्ये येऊन उभे राहिले. आधी फक्त एक ठोका. ढोलाच्या दोन बोलांमध्ये जी मोकळी जागा होती, नेमकी तिथे. मग दोन. मग काडी अशी पडायला लागली की ढोल कुठला आणि हलगी कुठली ते कळेना. तो तिकडून कडक विचारत होता, हे इकडून खोडकर उत्तरं देत होते, दर वेळी नवं. माझ्या अंगावर काटा आला. भावोजी खुळ्यासारखे टाळ्या पिटत होते. आणि पहिला नाचायला कोण उतरला? मिशीवाले काका! उपरणं दातात धरून. हलगी जुनी झाली म्हणणारे ते हेच.

सगुणा ओट्यावरून उठली, पायरी उतरली आणि चालायला लागली. तिची आई मागून धावत शालू सावरत होती.

हलगी पुढे, सगुणा मागे, तिच्यामागून गाडीत एकटा नवरा. भोंगा झाडाला बांधलेला, त्यामुळे वेशीकडे जाता जाता अमेरिकेचा ढोल बारीक होत गेला आणि पुढे ऐकूच येईना. तेव्हा मामांनी सवालही हलगीवर घेतला आणि जवाबही. वेशीपाशी त्यांनी मोठा जवाब बांधला, उंच चढवला, शेवटच्या ठोक्यासाठी काडी उचलली आणि हवेतच धरली.

"मामा, शेवटचा?" सगुणा म्हणाली. तिच्या डोळ्यांतून धारा लागल्या होत्या आणि ती हसत होती.

"त्यो माघारी आल्यावं. जवाब पुरा केला का लेकी ईसरत्यात गाव."

मग आमच्याकडे वळून ते भावोजींना म्हणाले, "सायेब, तेवढं त्याला कळवा हां. अकोल्यानं जवाब दिलाय म्हनून."

भावोजींनी मान डोलावली. कुणाला कळवणार? तबकडीवर नावच नव्हतं. पण त्यांनी नंतर त्या ओरखड्याला बोट लावून कोंबडीची माफी मागितली, हे मी स्वतः पाहिलं.

सगुणा पाचपरतावणाला माहेरी आली तेव्हा मामांनी तिला वेशीवरच गाठून तो ठोका दिला, असं रखमाजीने भिंगारला येऊन सांगितलं. आणि ती सासरी निघाली की परत राखून ठेवला. मामा होते तोवर हे असंच चाललं.

आणि आता

धोंडूमामा गेले, रखमाजी गेला. तबकडी घर बदलताना कुठेतरी हरवली. अक्का-भावोजी पुण्याला लेकाकडे राहतात. भावोजींना ऐकू कमी येतं, बोलणं मात्र तेवढंच आहे. गेल्या महिन्यात मी त्यांच्याकडे गेले होते. आम्ही चहा घेत होतो आणि आतल्या खोलीत त्यांची नात सई काहीतरी लावून बसली होती. कुणी मुलगा भराभरा बोलत होता, भांडल्यासारखा. मी वैतागून "दार लाव गं" म्हणणार, एवढ्यात भावोजी कप ठेवून ताडकन उठले.

"कोंबडी!"

अक्काला वाटलं, झालं, यांचं डोकं गेलं. पण मीही उठले होते. त्या बोलण्याच्या खाली तो ढोल होता. तोच तुकडा. परत तोच. परत तोच. मध्येच लांबून बाईचा "हं!"

सईने समजावून सांगितलं. याला रॅप म्हणतात. जुन्या सोलच्या तबकड्यांमधला असा नुसत्या ढोलाचा तुकडा न्यूयॉर्कच्या गरीब वस्त्यांतली पोरं दोन दोन मशीनवर पुन्हा पुन्हा वाजवायची, त्यावर नाचायची. मग त्यावर बोलायला लागली. हे आम्ही राजूरच्या गाडीत बसलो होतो त्यानंतर थोड्याच काळात सुरू झालं म्हणे. आणि हा तुकडा तर किती जणांनी उचललाय, त्याची गणतीच नाही.

"त्यांची पण सुई अडकली होती का?" भावोजींनी विचारलं.

"नाही आजोबा, ते मुद्दाम अडकवायचे."

भावोजी विचारात पडले. "म्हणजे हा इतकी वर्षं विचारतोच आहे?"

"आणि सगळी दुनिया उत्तर देतेय," सई हसून म्हणाली.

"पहिलं अकोल्याने दिलं!" भावोजी टेबलावर थाप मारून ओरडले. "कळवायचं राहिलंच की गं विमल!" आणि त्यांचे डोळे बसमध्ये भरले होते तसेच भरले.

मग मीच सगुणाला फोन लावला. ती आता माहेरच्याच गावात भावाशेजारी घर बांधून राहते, नातवंडंवाली झाली आहे. म्हटलं, "सगुणा, काही बोलू नकोस, नुसतं ऐक." सईने फोन स्पीकरजवळ धरला. ढोल विचारत राहिला.  मला वाटलं, फोन कटला.

मग पलीकडे भांड्यांचा खडखडाट झाला, काहीतरी ओढल्याचा आवाज आला, आणि परातीच्या काठावर बोटं चालायला लागली. ढोलाच्या दोन बोलांमधल्या त्याच मोकळ्या जागेत. एक. मग दोन. मग मामांचा तो अख्खा जवाब, वेशीवरचा, चढत चढत वर गेला आणि एकदम थांबला.

"शेवटचा?" भावोजी फोनमध्ये ओरडले. "अगं, शेवटचा ठोका?"

पलीकडून सगुणाचं हसू ऐकू आलं. आवाज जरा ओला होता.

"त्यो हितं आल्यावं, सायेब. कवा येताय?"